घरास योग्य शेगडी कशी निवडावी ?

शाळेंत आपण उष्णता, ज्वलन आणि विद्युत् हे विषय पुस्तकांतून शिकतों, परीक्षेंत त्यांवर उत्तरें लिहितों आणि बहुधा तेथेंच त्यांस निरोप देतों. वस्तुतः या तिन्ही विषयांची एक प्रयोगशाळा प्रत्येक घरांत आहे व ती दिवसांतून दोन वेळां तरी चालू असते. ती म्हणजे स्वयंपाकघर. या प्रयोगशाळेंतील मुख्य उपकरण जी शेगडी, तिची निवड मात्र दुकानांतील लखलखाट पाहून, शेजाऱ्यानें काय घेतलें तें ऐकून, किंवा सणाच्या दिवसांत कोठें सवलत मिळते एवढ्यावरूनच पुष्कळदां केली जाते. एकदां घेतलेली शेगडी पुढें अनेक वर्षें घरांत राहते. तिच्यापुढें घरांतील एखादी व्यक्ति, बहुधा आई, रोज कित्येक तास उभी असते. तिचे डोळे, तिची छाती, घराचा खर्च आणि सर्वांची सुरक्षितता हीं चारही त्या निवडीवर अवलंबून आहेत. यास्तव आपल्या वैरागसारख्या गांवांतील घराला कोणती शेगडी योग्य, हा प्रश्न नीट अभ्यासण्यासारखा आहे.

१. चुलीपासून गॅसपर्यंत

प्रथम जुन्या चुलीचा विचार करूं. कारण नवीन साधनानें कोणतीं कामें करावयाचीं हें जुन्या साधनावरूनच समजतें. आमच्या भागांत चुलीचें जळण शेतांतून येई. तुराट्या, पऱ्हाट्या, बाभळीचीं लांकडें आणि गोवऱ्या हीं त्यांतलीं मुख्य. मातीच्या चुलीला एका अंगास वैल असे. पुढच्या जाळावर तवा आणि वैलावर आमटी किंवा दूध, अशीं एकाच जाळावर दोन कामें होत. भाकरी तव्यावर भाजली कीं ती चुलीच्या तोंडाशीं ओढलेल्या निखाऱ्यांपुढें उभी करून फुगवीत. म्हणजे या साध्या चुलींत तीन प्रकारचा विस्तव मिळे : भडक जाळ, वैलावरची मंद आंच आणि निखाऱ्यांची उघडी धग. हे तीन प्रकार वाचकांनीं ध्यानांत ठेवावे. पुढील सर्व विवेचन त्यांवरच उभें आहे.

चुलीचे दोषही तितकेच स्पष्ट आहेत. साध्या चुलींत जळणाच्या उष्णतेपैकीं शेंकडा दहा ते पंधरा भागच भांड्यास पोंचतात. बाकीची उष्णता भिंतीस, हवेस आणि रांधणारीच्या तोंडास लागते. अपुऱ्या ज्वलनानें होणारा धूर हा त्याहून मोठा दोष. घरांत जाळलेल्या इंधनांच्या धुरानें २०२० सालीं जगांत सुमारें ३२ लक्ष माणसें दगावलीं, असा जागतिक आरोग्य संघटनेचा अंदाज आहे. आणि त्यांत पांच वर्षांखालील मुलांची संख्या दोन लक्षांहून अधिक आहे. चुलीपाशीं आईच्या मांडीवर बसलेलें मूल तोच धूर आंत घेतें, हें यावरून कळेल.

या धुराविरुद्ध आपल्या देशांत पुष्कळांनीं खटपट केली. वर्ध्याच्या मगनवाडींत १९४७ च्या सुमारास धुराडें असलेली ‘मगन चूल’ पुढें आली. हैदराबादच्या अभियांत्रिकी संशोधन प्रयोगशाळेंतील डॉ. एस. पी. राजू यांनीं निर्धूर चुलीचा अभ्यास करून त्यावर एक पुस्तिका लिहिली. ती १९५३ सालीं मद्रासच्या ख्रिश्चन लिटरेचर सोसायटीनें प्रसिद्ध केली. धर्मग्रंथ छापणाऱ्या संस्थेनें चुलीवरील पुस्तिकाही छापावी, हें त्या कार्यकर्त्यांच्या दृष्टीला शोभणारेंच होतें. पुढें सुधारित चुलींचा राष्ट्रीय कार्यक्रम १९८३ सालीं सुरू झाला. पुण्याच्या ‘आरती’ या ग्रामीण तंत्रज्ञानाच्या संस्थेनें उसाच्या पाचटापासून कोळसा करण्याची युक्ति काढली व त्याबद्दल तिला २००२ सालीं इंग्लंडमधील ॲश्डेन पारितोषिक मिळालें. आमच्या सोलापूर जिल्ह्यांत उसाचें पाचट किती फुकट जाळलें जातें हें पाहिलें म्हणजे या युक्तीचें महत्त्व पटतें.

दरम्यान इतर साधनेंही आलीं. स्वीडनमधील लिंडक्विस्ट यानें १८९२ च्या सुमारास काढलेला प्रायमस स्टोव्ह आपल्या घरोघरीं पोंचला. त्याला पंप मारणें व पिन करणें हें एका पिढीचें रोजचें काम होतें. सिलिंडरचा गॅस मुंबईंत १९५५ सालीं बर्मा-शेल कंपनीनें विकावयास आणला. ‘इंडेन’ गॅसची पहिली जोडणी १९६५ सालीं कलकत्त्यास झाली. तथापि खेड्यांतील गरीब घरांपर्यंत गॅस मोठ्या प्रमाणावर पोंचला तो १ मे २०१६ रोजीं सुरू झालेल्या उज्ज्वला योजनेनें. त्या योजनेंतील आठ कोटीवी जोडणी ७ सप्टेंबर २०१९ रोजीं आपल्याच राज्यांत, औरंगाबाद येथें (हल्लींचें छत्रपती संभाजीनगर) देण्यांत आली.

२. आपल्या स्वयंपाकाचा स्वभाव

परदेशांत बनलेल्या किंवा परदेशी नमुन्यावर बेतलेल्या शेगडीवर तेथील स्वयंपाक चांगला होतो. आपला होईलच असें नाहीं. वैराग हा जोंधळ्याचा मुलूख आहे. रब्बीचा जोंधळा येथें भाद्रपद-आश्विनांत पेरतात आणि माघ-फाल्गुनांत काढतात. जवळच्याच मोहोळ येथील संशोधन केंद्रांत निवडलेला ‘मालदांडी ३५-१’ हा वाण दूरवर प्रसिद्ध आहे. अर्थात् आमच्या घरांतील शेगडीची खरी परीक्षा भाकरीनेंच व्हावयाची.

भाकरी कां फुगते, हें पाहूं. गव्हाच्या पिठांत ग्लुटेन नांवाचा चिवट पदार्थ असतो, त्यामुळें कणीक लाटतां येते. जोंधळ्यांत तो नसतो. म्हणून पीठ ऊन पाण्यांत चांगलें मळून काठवटींत किंवा परातींत हातानें थापावें लागतें. भाकरी तव्यावर टाकली कीं वरच्या अंगास पाणी फिरवितात. त्या पाण्यानें पिठांतील स्टार्च वाफेंत शिजून एक अखंड पापुद्रा बनतो. दुसरें अंग भाजल्यावर त्या बाजूचाही पापुद्रा धरतो. मग भाकरी उघड्या धगीवर गेली म्हणजे आंतल्या ओलाव्याची एकदम वाफ होते. पाण्याची वाफ झाली कीं ती सुमारें सोळाशें पट जागा मागते. वाट न मिळाल्यामुळें ती दोन्ही पापुद्रे दूर लोटते आणि भाकरी टम्म फुगते. आंच कमी पडली तर ओलावा हळूहळू निघून जातो व भाकरी चिवट होते. मध्येंच फार झाली तर मधला भाग करपून कडा कच्च्या राहतात. म्हणून भाकरीला रुंद व सारखी आंच प्रथम आणि उघडी प्रखर धग शेवटीं, अशा दोन्ही हव्यात. याच्या उलट सोलापुरी कडक भाकरीला मंद आंचेवर सावकाश वाळवावें लागतें.

इतर पदार्थांचाही असाच हिशेब मांडतां येईल. शेंगदाणे भाजावयाचे तर मंद विस्तव पाहिजे, नाहींतर साल करपतें व दाणा कच्चा राहतो. आणि शेंगाचटणीची सर्व चव त्या भाजण्यांत आहे. पुरण घोटतांना पातेलें हलूं नये इतकी भक्कम बैठक पाहिजे. फोडणीला व तळणाला गोल बुडाची कढई लागते. ती शेगडीवर डळमळतां उपयोगी नाहीं. वांगें भाजण्यास व पापडास उघडी ज्योत हवी. कुकरला आरंभीं मोठी आंच व शिटी होऊं लागल्यावर लहान आंच पुरते. दूध तर क्षणार्धांत उतूं जातें. म्हणून उतूं गेलेलें दूध सहज पुसतां येईल अशी रचना पाहिजे.

सारांश, आपल्या शेगडीकडून चार गोष्टींची अपेक्षा आहे : रुंद मोठी आंच, विझून न जाणारी अगदीं मंद आंच, उघडी ज्योत, आणि जड व गोल बुडाचीं भांडीं पेलणारी बैठक. जुन्या चुलीनें हीं कामें केलीं. नव्या शेगडीनें तीं धुरावांचून करावयाचीं आहेत.

३. ज्योतीची परीक्षा

गॅसची शेगडी म्हणजे आपल्या प्रयोगशाळेंतील बुन्सेन बर्नरचेंच घरगुती रूप आहे. एका बारीक छिद्रांतून, म्हणजे जेटमधून, गॅस वेगानें बाहेर पडतो, जातां जातां हवा ओढून घेतो, आणि त्या मिश्रणाची निळी ज्योत होते. निळी ज्योत ही पुऱ्या ज्वलनाची खूण होय. ज्योत पिवळी होऊन भांड्यांचीं बुडें काळीं पडूं लागलीं म्हणजे हवा कमी पडते आहे असें समजावें. अशा वेळीं नुसता गॅस वाया जातो असें नव्हे, तर कार्बन मोनॉक्साइड हा विषारी वायु उत्पन्न होतो. पुष्कळदां याचें कारण साधेंच असतें : भाकरी थेट बर्नरवर टाकल्यानें पीठ गळून छिद्रें बुजतात. बर्नरवर जाळी ठेवून तिच्यावर भाकरी फुगवावी आणि आठवड्यांतून एकदां बर्नर काढून छिद्रें साफ करावीं, म्हणजे हा दोष राहत नाहीं.

विकत घेतांना पुढील गोष्टी पाहाव्या. पहिली, शेगडीवर आय्. एस्. आय्. ची खूण आहे कीं नाहीं. भारतीय मानकाप्रमाणें घरगुती गॅसशेगडीची कार्यक्षमता शेंकडा ६८ पेक्षां कमी असतां कामा नये. म्हणजे ठराविक परीक्षेंत जळलेल्या गॅसच्या उष्णतेपैकीं निदान ६८ भाग भांड्यांतील पाण्यास मिळाले पाहिजेत. दुसरी, बर्नर पितळी व जड आहे कीं पातळ पत्र्याचा, हें हातांत घेऊन पाहावें. तिसरी, निदान एक बर्नर मोठा असावा. लहान बर्नरवर मोठा तवा ठेवला तर मध्यभागींच आंच लागते. चौथी, बटण अगदीं कमी करून ज्योत स्थिर राहते कीं नाहीं हें शक्य झाल्यास दुकानांत पेटवून पाहावें. उलट बाजूनें, ज्योत भांड्याच्या बुडाबाहेर येऊन कडेनें वर चढूं देऊं नये. ती उष्णता हवेंतच जाते.

एक सूचना गोबरगॅस वापरणाऱ्यांसाठीं. मुंबईच्या माटुंगा येथील कुष्ठरोग्यांच्या आश्रमांत १८९७ सालींच मैल्यापासून वायु तयार करून तो कामीं लावला होता. इतकी ही विद्या जुनी आहे. पण त्या वायूंत मिथेनबरोबर कार्बन डायऑक्साइडही पुष्कळ असतो व त्याचा दाबही कमी असतो. म्हणून त्याला मोठ्या छिद्राचा निराळा बर्नर लागतो. सिलिंडरची शेगडी तशीच जोडली तर ती नीट जळत नाहीं, आणि मग दोष गोबरगॅसला दिला जातो.

४. ओट्यांत बसविलेला हॉब कीं ओट्यावर ठेवलेली शेगडी ?

हल्लीं नव्या घरांत ओट्याचा दगड कापून त्यांत शेगडी बसविण्याची चाल पडली आहे. तिला हॉब म्हणतात. ती दिसावयास सुबक असते, ओटा सपाट राहतो, आणि नळी व जोडण्या ओट्याखालीं झांकल्या जातात. कांहीं हॉबमध्यें ज्योत विझतांच गॅस आपोआप बंद करणारी योजना असते. तींत ज्योतीजवळ एक थर्मोकपल असतें. तें ऊन असेपर्यंत थोडा विद्युत्प्रवाह उत्पन्न होतो व झडप उघडी राहते, तें थंड झालें कीं झडप मिटते. दूध उतूं जाऊन ज्योत विझण्याचा प्रसंग आपल्या घरांत नित्याचा असल्यामुळें ही योजना खरोखर उपयुक्त आहे. शेगडी कोणत्याही प्रकारची असो, ती योजना मिळत असल्यास तिच्यासाठीं थोडे अधिक पैसे द्यावे.

पण हॉबच्या अडचणीही जाणल्या पाहिजेत. पहिली अडचण मापाची. समजा, घरांतील भाकरीचा तवा ३० सेंटिमीटर व्यासाचा आणि कुकर २३ सेंटिमीटर व्यासाचा आहे. दोन्ही एकाच वेळीं शेजारीं ठेवावयाचीं तर तव्याचे १५ व कुकरचे साडेअकरा मिळून साडेसव्वीस, आणि मध्यें हात व उलथणें फिरण्यास निदान तीन-चार, असे सुमारें ३० सेंटिमीटर अंतर दोन बर्नरांच्या केंद्रांत पाहिजे. साठ सेंटिमीटर रुंदीच्या हॉबवर चार बर्नर बसविले असतां एवढें अंतर मिळणें कठीण. मग बर्नर चार असूनही कामास दोनच येतात व बाकीच्या दोहोंचे पैसे वाया जातात. म्हणून दुकानांत जातांना आपल्या तव्याचें व सर्वांत मोठ्या पातेल्याचें माप कागदावर लिहून न्यावें. शक्य तर तवाच पिशवींत घालून न्यावा. लाज वाटण्याचें कारण नाहीं. चप्पल आपण पायांत घालून पाहतों, मग शेगडीवर तवा ठेवून कां पाहूं नये ?

दुसरी अडचण कांचेची. हॉब व पुष्कळशा शेगड्या यांचा वरचा भाग कडक केलेल्या कांचेचा असतो. रुंद तवा बराच वेळ मोठ्या आंचेवर राहिला कीं त्याच्याखालीं उष्णता कोंडते व ती कांचेवर उलटते; शिवाय तापल्या कांचेवर गार पाण्याचा शिंतोडा पडला तर ती तडकण्याचा संभव असतो. रोज वीस-पंचवीस भाकऱ्या होणाऱ्या घरांत स्टीलचा पत्रा असलेली शेगडी अधिक निर्धास्त. तिसरी अडचण उंचीची. थापण्याचें काम खांद्यांतून जोर देऊन करावयाचें असतें. पुष्कळ बायका अजूनही बसून भाकरी करणें पसंत करतात. ओट्यावर ठेवलेली शेगडी खालीं उतरवून बैठ्या जागीं मांडतां येते. दगडांत बसविलेला हॉब तसा हलवितां येत नाहीं. चौथी अडचण दुरुस्तीची. साध्या शेगडीचा बर्नर, जाळी किंवा बटण गांवांतल्या दुकानांत मिळतें. हॉबचा एखादा विशेष भाग मिळविण्यासाठीं शहर गांठावें लागतें.

५. विजेची इंडक्शन शेगडी

मायकेल फॅरडे यानें १८३१ सालीं दाखविलें कीं बदलत्या चुंबकीय क्षेत्रानें धातूंत विद्युत्प्रवाह उत्पन्न होतो. इंडक्शन शेगडी याच तत्त्वावर चालते. कांचेखालीं तांब्याच्या तारेचें एक वेटोळें असतें. त्यांतून सेकंदास वीस हजारांहून अधिक वेळां दिशा बदलणारा प्रवाह वाहतो; त्यामुळें वर ठेवलेल्या भांड्याच्या बुडांतच भोंवऱ्यासारखे प्रवाह उठतात व बूड आपोआप तापतें. शेगडी भांड्याला तापवीत नाहीं. भांडें स्वतःच तापतें. म्हणून विजेच्या उष्णतेपैकीं शेंकडा सुमारें ८५ भाग कामीं येतात, धूर व ज्योत नसते, आणि वैशाखांत पारा चाळीस अंशांवर असतां खोलीही फारशी तापत नाहीं.

मात्र त्यासाठीं भांडें चुंबकाला चिकटणारें व सपाट बुडाचें पाहिजे. साधा लोहचुंबक घेऊन घरांतील भांडीं तपासावीं. लोखंडी सपाट तवा चालेल. पितळी पातेलें, तांब्याचा हंडा, ॲल्युमिनियमचा साधा कुकर, मातीचें भांडें किंवा गोल कढई चालणार नाहीं. चालणारीं भांडीं नवीं घ्यावयाचीं झाल्यास तो खर्चही शेगडीच्या किंमतींत धरावा. दुसरें, २००० वॅटची शेगडी २३० व्होल्टवर जवळजवळ ९ ॲम्पियर प्रवाह घेते. म्हणून तिला १६ ॲम्पियरचें मोठें सॉकेट व नीट अर्थिंग पाहिजे. दिव्याच्या तारेवर ती लावणें धोक्याचें आहे. तिसरें, वीज गेली कीं चूल थंड. आणि शेवटचें, आपल्या दृष्टीनें सर्वांत महत्त्वाचें : तिच्यावर उघडी धग नाहीं. भाकरी तव्यावर भाजली जाईल, फडक्यानें दाबून थोडी फुगेलही, पण निखाऱ्यावरच्या भाकरीची सर तिला येणार नाहीं. दूध, चहा, भात, डाळ व कुकर यांस मात्र ती उत्तम.

६. खर्चाचें गणित

गॅस स्वस्त कीं वीज, याचें उत्तर ऐकीव गोष्टींवरून देऊं नये. तें प्रत्येकास काढतां येतें. एका घरगुती सिलिंडरमध्यें १४.२ किलोग्रॅम गॅस असतो. एक किलोग्रॅम गॅस जळला कीं सुमारें ४५ मेगाज्यूल उष्णता मिळते.

१४.२ × ४५ = ६३९ मेगाज्यूल.

विजेचें एक युनिट म्हणजे ३.६ मेगाज्यूल, म्हणून ६३९ ÷ ३.६ = सुमारें १७७ युनिटें. यापैकीं शेंकडा ६८ भाग भांड्यास पोंचतात असें धरलें तर सुमारें १२१ युनिटें उपयोगी पडलीं. तेवढेंच काम शेंकडा ८५ कार्यक्षमतेच्या इंडक्शन शेगडीकडून घेण्यास १२१ ÷ ०.८५ = सुमारें १४२ युनिटें वीज लागेल.

आतां सिलिंडरच्या किंमतीस १४२ नें भागावें. केवळ उदाहरणादाखल सिलिंडर ९०० रुपयांस धरला तर भागाकार ६ रुपये ३४ पैसे येतो. आपल्याला विजेचें युनिट यापेक्षां स्वस्त पडत असेल तर वीज फायद्याची. महाग पडत असेल तर गॅस फायद्याचा. येथें एक सावधगिरी पाहिजे. विजेचा दर वापर वाढेल तसा टप्प्याटप्प्यानें चढतो. म्हणून नव्या शेगडीचीं युनिटें पहिल्या स्वस्त टप्प्यांत पडतात कीं पुढच्या महाग टप्प्यांत, हें बिल समोर ठेवूनच ठरवावें. आठवी-नववीच्या विद्यार्थ्यानें हें गणित घरीं मांडून वडिलांस दाखवावें; त्यांत शाळेच्या शिक्षणाचें सार्थक आहे.

७. सुरक्षितता

सिलिंडरचा गॅस मुख्यतः प्रोपेन व ब्यूटेन यांचें मिश्रण असून तो हवेहून दीडपट ते दुप्पट जड असतो. गळती झाली तर तो वर न जातां जमिनीलगत पसरतो व खोलगट जागीं सांचतो. म्हणून ओट्याखालच्या कपाटांत सिलिंडर ठेवणाऱ्यांनीं कपाटाला तळाशीं हवेसाठीं भोकें ठेवलींच पाहिजेत. या गॅसला मूळचा वास नसतो. गळती कळावी म्हणून त्यांत मर्कॅप्टन नांवाचें उग्र वासाचें द्रव्य मुद्दाम मिसळतात. वास आल्यास दिव्याचें बटण चालूही करूं नये व बंदही करूं नये. कारण दोन्ही वेळीं ठिणगी पडते. रेग्युलेटर बंद करावा, दारें-खिडक्या उघडाव्या, सर्वांनीं बाहेर यावें व १९०६ या क्रमांकावर कळवावें.

सिलिंडर नेहमीं उभा व शेगडीच्या पातळीहून खालीं असावा. नळी आय्. एस्. आय्. खुणेची, दीड मीटरपेक्षां लांब नसलेली असावी व पांच वर्षांनीं बदलावी. तिच्यावर छापलेलें वर्ष वाचावें. स्वयंपाक करतांना खिडकी उघडी ठेवावी, कारण निळ्या ज्योतींतूनही नायट्रोजन डायऑक्साइडसारखे अपायकारक वायु थोडेफार निघतात. धूर दिसत नाहीं म्हणून हवा शुद्ध आहे असें समजूं नये.

८. निर्णय

आतां वैरागांतील एका साधारण घराचा विचार करूं. घरांत सहा माणसें, दोन्ही वेळां भाकरी, सकाळीं दूध व चहा, आठवड्यांतून एखाद-दोनदां तळण, सणाला पुरण. अशा घरास चार बर्नरचा कांचेचा हॉब शोभा देईल, पण सोय तितकी देणार नाहीं. दोन किंवा तीन बर्नरची, स्टीलच्या पत्र्याची, बर्नरांत ऐसपैस अंतर असलेली, एक मोठा व एक लहान पितळी बर्नर असलेली, भक्कम जाळीची गॅसशेगडी ही त्या घराची मुख्य शेगडी असावी. वायरिंग चांगलें असल्यास तिच्या जोडीला एक साधी इंडक्शन शेगडी घ्यावी. म्हणजे मध्येंच सिलिंडर संपला तर वीज व वीज गेली तर गॅस, असा एकीचा दुसरीस आधार होतो. मुख्य शेगडीवर तवा व दुसरीवर दूध, हा आपल्या जुन्या चुलीचा व वैलाचाच संसार नव्या रूपानें पुढें चालतो. ज्यांचें घर लहान, माणसें थोडीं व पोळी-भाताचा स्वयंपाक अधिक, त्यांनीं खुशाल हॉब बसवावा. मात्र माप घेऊन, आणि ज्योत विझतांच गॅस बंद करणारी योजना पाहून.

शेवटीं एक गोष्ट सांगावीशी वाटते. ही खरेदी पुष्कळ घरांत पुरुष करतात आणि तिच्यापुढें उभी राहते ती स्त्री. जिला रोज ती वापरावयाची तिला दुकानांत बरोबर नेणें व तिचें मत प्रथम विचारणें, हा या सर्व शास्त्राचा पहिला नियम समजावा. शुभवर्तमानांतील बेथानीची मार्था पाहुणचाराच्या कामांत इतकी गुंतली होती कीं प्रभूच्या पायांशीं बसावयास तिला फुरसत झाली नाहीं. आपल्याही घरांतील मार्थेला दिवसाकाठीं अर्धा तास मोकळा मिळाला, तिच्या डोळ्यांतलें पाणी व छातींतला खोकला कमी झाला, तर शेगडीचे पैसे सत्कारणीं लागले. आणि भाकरी थापण्याची विद्या मुलींप्रमाणें मुलांनींही शिकून घेतली तर तो अर्धा तास एक तासही होईल.

अभ्यासासाठीं प्रश्न

१. घरांतील तवा, कुकर व सर्वांत मोठें पातेलें यांचे व्यास मोजा आणि दोन बर्नरांत किती अंतर हवें तें काढा.
२. लोहचुंबकानें घरांतील दहा भांडीं तपासून इंडक्शनवर चालणारीं व न चालणारीं अशी यादी करा.
३. या महिन्याचें विजेचें बिल व सिलिंडरची पावती घेऊन तुमच्या घरीं कोणतें इंधन स्वस्त पडेल तें गणितानें दाखवा.
४. घरांतील गॅसच्या नळीवर छापलेलें वर्ष वाचा. ती बदलावयाची झाली असल्यास आजच वडीलधाऱ्यांस सांगा.